जागा शिल्लक आहे

मैत्री : नका घालू काका. अजून नका. एक मिनिट थांबा.

दत्ताकाका : घालत न्हाय गो. उजेडाला धरून बघतो फकस्त. तू आधी बस त्या स्टुलावर. फेरीबोटीतून उतरल्यापासून उभीच हायेस.

मैत्री : भेग दिसली?

दत्ताकाका : दिसली. मधल्या भोकापासून निघालीय. तांदळाच्या दाण्याएवढी. कधीची ही?

मैत्री : कालची. डबीतून काढताना. मी ओढली आणि टक् असा आवाज झाला. आप्पांच्या कपाटात इतकी वर्षं सुखरूप होती. मी हात लावला आणि...

दत्ताकाका : डबीचा मधला दात दाबायचा, मंग सीडी आपसूक वर येते. दोन मे महिने माझ्या या दुकानात बसलीस तू. शंभर सीड्या काढल्यास, एक मोडली न्हाईस.

मैत्री : माहीत आहे मला. काल हात माझा नव्हता.

दत्ताकाका : व्हय. बाप गेलाय तुझा, महिना पन झाला न्हाय गुरुजींना जाऊन. पानी पी आधी. हे बघ, अक्षर त्यांचंच. 'जागा शिल्लक आहे. बंद करू नये.' सीडीवर लिवलंय पन फळ्यावर लिवल्यासारखं, एका रेघेत.

मैत्री : वाचलंय मी ते. फार वेळा.

दत्ताकाका : आता कुनाला सांगितलं तर हसतील. पन तवा आपल्या दुकानाची रीतच व्हती. गिऱ्हाइकाची सीडी अर्धी भरली तर ती बंद न्हाय करायची. उघडी ठेवायची. पुढच्या बारशाला, पुढच्या वाढदिवसाला तेच गिऱ्हाईक तीच सीडी घेऊन येनार, आपन पुढं भरायचं. सॉफ्टवेअर विचारायचं, बंद करू का? आपन बोलायचं, नको.

मैत्री : काका, तुमचा तो कॉम्प्युटर चालू तरी होईल का?

दत्ताकाका : तुझा फोन आला तवाच सकाळी चादर काढली त्याच्यावरची. आठ वर्षं लावला नव्हता. राइटरच्या दारात मुंग्यांनी घर केलं व्हतं, त्यांना आधी बाहेर काढलं. मंग दोन जुन्या सीड्या घालून बघितल्या. वाचतो. कुरकुरतो म्हाताऱ्यासारखा, पन वाचतो. आधारकार्डाला येनारी पोरं विचारत व्हती, काका, हा काय मायक्रोवेव्ह?

मैत्री : लाइट?

दत्ताकाका : शुक्रवार हाय. मेंटेनन्सला बाराला जाते. कधी जाते, कधी न्हाय. आता साडेअकरा.

मैत्री : आणि मध्येच गेली तर?

दत्ताकाका : तर थांबायचं, परत लावायची. पन या भेगेला परत परत फिरवायला मी तयार न्हाय. एकदाच काय ते. तू तुझ्या पनवेलला कुनाला दाखवली न्हाईस ना?

मैत्री : ऑफिसात एकाकडे बाहेरून जोडायचा ड्राइव्ह आहे. तो म्हणाला, आण, दोन मिनिटांत काढून देतो. मी दिली नाही. त्याने सहज घातली असती.

दत्ताकाका : बरं केलंस. बावन्नपट वेगात भेगाळलेली सीडी फुटते. माझ्याकडं एकदा फुटलेली, तुकडा दार फोडून बाहेर. म्हनून आपन वेग चारपटीवर बांधायचा. त्या सॉफ्टवेअरसोबत एक बारकं सॉफ्टवेअर येतं, वेसण घालायचं. चल, आन इकडं.

मैत्री : थांबा.

दत्ताकाका : आता काय?

मैत्री : त्यात आप्पा नसतील तर?

दत्ताकाका : अगो, मीच रेकॉर्ड केलंय. इथंच, या पडद्यामागं. घशाच्या ऑपरेशनच्या चार दिवस आधी. बाहेर होडीचं इंजिन सुरू झालं की गुरुजी थांबायचे, इंजिन लांब गेलं की परत सुरू. नसतील कसे?

मैत्री : मी पुसलंय ते.

दत्ताकाका : काय पुसलंस?

मैत्री : पुढच्या मे महिन्यात. तुम्ही मुरूडला लग्नाच्या शूटिंगला गेला होता, दुकान माझ्यावर टाकून. मला कॉलेजच्या ट्रिपसाठी गाण्यांची सीडी हवी होती. कोरी सीडी मागायला लाज वाटली. घरातून ही आणली. पहिलंच वाक्य वाचलं मी, जागा शिल्लक आहे. सॉफ्टवेअरने एक खिडकी उघडली. जुनं जोडायचं की नवीन सुरू करायचं? मी नवीन दाबलं. घरी जाऊन लावली तर एकवीस गाणी. माझीच. आप्पांचा एक शब्द नाही. त्यांचा आवाज जाऊन सहा महिने झाले होते, काका.

दत्ताकाका : आन तू कुनाला बोल्ली न्हाईस? आजपत्तुर?

मैत्री : कुणाला बोलणार? ज्यांचा आवाज होता ते पाटीवर लिहीत होते.

दत्ताकाका : मला विचारायचंस. न्हायतर त्या इंटरनेटला. तुमच्या हातात सगळं हाय आता.

मैत्री : एकदा विचारलं होतं. प्रश्न लिहिला, आणि उत्तर यायच्या आत बंद करून टाकलं. 'परत मिळत नाही' असं आलं असतं तर? तोपर्यंत निदान माहीत नव्हतं.

दत्ताकाका : बघ मैत्री. मी आता जे सांगतोय ते सांगू नको म्हनून मला बजावलेलं हाय. पन बजावनारा ऱ्हायला न्हाय. गुरुजींना म्हायत व्हतं.

मैत्री : काय माहीत होतं?

दत्ताकाका : गानी. त्याच साली गणपतीच्या आधी सीडी घेऊन आले. पाटीवर लिवलं, 'यात मी दिसत नाही.' मी लावली, बघितली. बोल्लो, गुरुजी, वरती गानी हायत, खालती तुम्ही हाव. पोरीनं वहीला नवीन अनुक्रमणिका चिकटवली, तीत जुन्या धड्यांची नावं घातली न्हाईत. धडे जागेवरच हायत. ही एकदाच लिवायची सीडी. हिच्यावरचं पुसायचं म्हटलं तरी पुसत न्हाय.

मैत्री : म्हणजे आहेत? आत आहेत?

दत्ताकाका : तवा व्हते.

मैत्री : मग मला का नाही सांगितलं त्यांनी?

दत्ताकाका : मी बोल्लो, पोरीला जरा समज द्या, मी तुमचं वेगळं काढून देतो. त्यांनी पाटी पुसली. लिवलं, 'काढा. पण तिला सांगू नका. तिला कळलेलं नाही. कळलं तर मनाला लावून घेईल.'

मैत्री : मला कळलं होतं.

दत्ताकाका : ते त्यांना काय म्हायत.

मैत्री : आणि मला वाटायचं, त्यांना कळलेलं नाही. ते कपाट उघडायचे तेव्हा मी खोलीतून उठून जायचे. काका, तुम्ही वेगळं काढून देणार होता ना? दिलंत?

दत्ताकाका : काढलं.

मैत्री : मग ती दुसरी सीडी कुठे आहे? आपण हिला हातच कशाला लावतोय?

दत्ताकाका : माझ्याकडं ठेवलेली. गुरुजींनी लिवलं, घरात नको, तिच्या हाताला लागंल. मी ठेवली वरच्या फळीवर, लग्नाच्या सीड्यांसोबत. निसर्ग वादळात या दुकानाचे पत्रे उडाले. फळीवरचं होतं नव्हतं ते खाडीत. त्यांना सांगितलं न्हाय मी. पेपर वाचाया रोज यायचे, त्या बाकड्यावर बसायचे. मी झेरॉक्सचं काम काढायचो.

मैत्री : म्हणजे ही एकच.

दत्ताकाका : ही एकच.

मैत्री : आणि लग्नाच्या कॅसेटी? मावशीच्या लग्नात आप्पांनी भाषण केलं होतं.

दत्ताकाका : भाषन दिसतं. आयकू येत न्हाय. त्याच्यावर मी गानं टाकलं. तवा तसंच करायचो, मानसांची बडबड काढायची आन गानं टाकायचं. लोकं खूश व्हायची.

मैत्री : ठीक आहे. घाला.

दत्ताकाका : आजून एक सांगतो, मंग घालतो. मागनं बोलशील, सांगितलं न्हाय. सीडी आतून बाहेर भरत जाते. आधीचं आत, नंतरचं बाहेर. तुझी गानी बाहेर हायत, कडेला. त्यांना काय धोका न्हाय. गुरुजी आत हायत. भेगेच्या शेजारी.

मैत्री : अजितचा फोन. घेऊ का?

दत्ताकाका : घे. स्पीकरवर टाक. मी तवर चकाकीच्या बाजूनं फुंकर मारतो.

अजित : ताई, झालं काय काम? साउंडवाला डोकं खातोय माझं.

मैत्री : आता घालतोय. तू उरणला आहेस की गाडीवर?

अजित : यार्डात उभा आहे, ट्रेलरचा नंबर लागायचाय. ऐक ना, रविवारी विहारात पुण्यानुमोदनाला फर्स्ट आप्पांच्या आवाजात बुद्धवंदना, नंतर भन्तेजी. ग्रुपवर मेसेज टाकलाय मी. दोनशे लोकांनी हात जोडलेत त्याच्यावर. गाववाले बोलतात, अठरा वर्षांनी गुरुजींना ऐकणार.

मैत्री : मेसेज का टाकलास? अजून काहीच हातात नाही.

अजित : अरे, काका आहेत ना तिथे! काका, टेन्शन नाय ना?

दत्ताकाका : हाय, अजित. टेन्शन हाय. सीडी चिरलीय.

अजित : चिरली मतलब?

मैत्री : माझ्या हातून. नंतर सांगते. फोन चालू ठेव, पण बोलू नकोस.

दत्ताकाका : पंखा बंद कर गो. राइटरचा आवाज आयकू यायला पायजे. आन तू जरा बाजूला सरक, दारासमोर बसू नको.

(राइटरचं दार आत जातं.)

मैत्री : हे काय? घरघर एवढी?

दत्ताकाका : भेग बोलते ती. थांब. फिरू दे. वेसण हाय.

मैत्री : काका, थांबवा. काढा बाहेर.

दत्ताकाका : आता काढली तर परत घालता येनार न्हाय. हात सोड माझा. हां. बसली. बघ पडद्यावर. दोन भाग दिसतात?

मैत्री : दोन. अठरा मे दोन हजार आठ. आणि तीन नोव्हेंबर दोन हजार सात.

दत्ताकाका : खालचा दाबतो. एऱ्हवी नुस्तं वरचंच दिसतं. हे सॉफ्टवेअर विचारतं, कुठला भाग उघडू. म्हनून मी टाकला न्हाय हा डबा. हां. वाच.

मैत्री : वंदना. आणि पाढे. काका, आहेत.

अजित : वंदना आहे ना? बस. पहिली ती काढा.

दत्ताकाका : दोन्ही एकदम मिळंल असं मला वाटत न्हाय. घरघर वाढतेय. एक काय ते आधी बोला. वंदना एकदम आत, भेगेला चिकटून. पाढे तिच्या बाहेर. चौथीच्या वर्गासाठी भरलेले, गुरुजी रजेवर गेले की पोरं मागं पडू नयेत म्हनून. दोनापासून तीसपर्यंत, एकेक वेगळा.

अजित : वंदनाच ना, ताई! विचार काय करायचाय?

मैत्री : पाढे.

अजित : काय?

मैत्री : पाढे आधी काढा, काका.

अजित : ताई, दोनशे लोकांना काय सांगू मी? विहारात पाढे लावू?

मैत्री : वंदना सगळ्यांना पाठ आहे, अजित. आप्पांनीच करून घेतलीय. ते नसले तरी ती होणार आहे. पाढे ते ज्या तऱ्हेने घ्यायचे, तसं आता कोण घेणार? तुला नाही आठवत. तू तेव्हा पाळण्यात होतास. सकाळी पडवीत बसवायचे. ते अर्धं म्हणायचे, अर्धं माझ्यावर सोडायचे. सतरा साती आलं की मी अडकायचे. पट्टी हातात असायची, पण उगारायचे नाहीत. नुसते थांबायचे. चहा निवून जायचा त्यांचा.

दत्ताकाका : लौकर बोला. बाराला धा कमी हायत.

अजित : तू मोठी आहेस. तू ठरव.

मैत्री : काढा, काका.

दत्ताकाका : काढतो. दोन. आला. तीन आला. आकडे तू वाच, माझी नजर हलते.

मैत्री : सहा. सात. आठ. आवाज कमी झाला का?

दत्ताकाका : कमी झाला न्हाय, सवय झाली तुला.

मैत्री : अकरा. बारा. हा हलत नाही, काका. बारा हलत नाही.

दत्ताकाका : वाचतोय. परत परत वाचतोय. टेबलावरचा हात काढ, हादरा नको.

मैत्री : मला भीती वाटते.

दत्ताकाका : मला वाटत न्हाय का?

मैत्री : तुटेल याची नाही. म्हणजे त्याचीही. पण मला त्यांचा आवाज आठवतच नाही. अक्षर आठवतं. खडू पाटीवर टेकवायचे तो आवाज आठवतो. बोलणं नाही. आता लागला आणि ओळखीचाच वाटला नाही तर? कुणातरी परक्या माणसाचा वाटला तर?

दत्ताकाका : हलला. तेरा.

मैत्री : तेरा. चौदा. पंधरा. सोळा.

अजित : ताई, मला पण नाही आठवत.

मैत्री : काय?

अजित : आप्पांचा आवाज. कोणाला बोललो नाही कधी. पोरं आपल्या बापाची नक्कल करायची, मी नुसता हसायचो.

मैत्री : सतरा. अठरा. अजित, तू थांब हं फोनवर. ठेवू नकोस. वीस. एकवीस.

दत्ताकाका : हे बरं न्हाय. हे आयकलंस? टकटक सुरू झाली.

मैत्री : बावीस. तेवीस. चोवीस...

दत्ताकाका : मागं हो! मागं हो, मैत्री!

अजित : काय झालं? ताई? कसला आवाज आला? ताई!

दत्ताकाका : काय न्हाय. कुनाला लागलं न्हाय. गेली.

मैत्री : दार उघडा ना. बघू तरी.

दत्ताकाका : उघडत न्हाय. आत तुकडे अडकलेत. हात घालू नको, कापशील.

मैत्री : किती आले?

दत्ताकाका : तेविसापर्यंत. चोवीस अर्धा, तो चालनार न्हाय. वंदना गेली, अजित.

मैत्री : अजित, माझ्यामुळे. भेगही माझी आणि निवडही माझी. ग्रुपवर तसं लिही. माझं नाव घालून लिही.

अजित : ते सोड. आवाज... तोच आहे का?

मैत्री : अजून ऐकलेला नाही.

अजित : मग लाव ना. मी यार्डातून बाहेर येतो, इथे भोंगे वाजतायत. हां, लाव.

दत्ताकाका : आधी पेन ड्राइव्हवर घेतो. दोन पेन ड्राइव्हवर. आन एक अजितला पाठवून देतो, उरणला ऱ्हाऊ दे एक. आता मी कुठल्या फळीवर भरवसा ठेवत न्हाय. हां. झालं. कुठला लावू? दोनापासून?

मैत्री : सतरा.

दत्ताकाका : हा घे. दाबतो.

मैत्री : थांबा. नाही, दाबा. दाबा तुम्ही.

आप्पांचा आवाज : सतराचा पाढा. मागच्या बाकावरची तेजस्वी, इकडे लक्ष. सतरा एके.

दत्ताकाका : माझी लेक तेजू गो. खरंच मागं बसायची. वर्गात नसताना पन वरडा खाल्लाय बघ तिनं... आता का गप झालं? बंद पडलं?

मैत्री : नाही. ते थांबलेत. मुलांना जागा ठेवलीय.

आप्पांचा आवाज : सतरा दुणे.

अजित : चौतीस.

आप्पांचा आवाज : सतरा त्रिक.

अजित : एक्कावन्न. ताई, हा आवाज माझ्यासारखा आहे.

मैत्री : हो. तुझ्यासारखा आहे. मला कधी लक्षातच आलं नाही.

आप्पांचा आवाज : सतरा चोक.

दत्ताकाका : रविवारी हेच लाव, अजित. आपलं अर्धं दिघी गाव त्यांच्या हाताखालनं गेलंय. बघ कशी बोलतात सगळी.

आप्पांचा आवाज : सतरा पाचा.

अजित : पंच्याऐंशी.

आप्पांचा आवाज : सतरा सक.

अजित : एकशे दोन.

आप्पांचा आवाज : सतरा साती.

दत्ताकाका : अजित, बोल की.

अजित : मी नाही. हे ताईचं आहे.

दत्ताकाका : केवढा वेळ थांबलेत बघ इथं. बाकीच्यांना न्हाय एवढे थांबले.

मैत्री : एकशे एकोणीस.